अंजीर गोठवणे

झाडावर पिकलेले अंजीर उतरवल्यावर बाहेर जेमतेम एक-दोन दिवस राहते, फ्रिजमध्ये फार तर चार. आंबा-चिकूसारखे ते अढीत घालून गोड होत नाही, म्हणून पिकल्यावरच तोडावे लागते आणि घाई तिथूनच सुरू होते. पुणे जिल्ह्यातील पुरंदरच्या अंजिरांना २०१६ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले. तिथल्या मीठा बहार या हंगामाची फळे उन्हाळ्यात येतात. गोठवायला तीच घ्यावीत. पावसाळी फळ पाणचट लागते.

फळ मऊ, पण न फाटलेले हवे. तळाच्या डोळ्याशी, म्हणजे बारीक छिद्राशी, मधासारखा थेंब असला तर उत्तम. फेस किंवा आंबूस वास असला तर ते फळ बाजूला काढावे. गोठवल्याने आंबणे थांबते, झालेले आंबणे जात नाही.

अंजिरे पाण्यात बुडवून न ठेवता हलकेच धुवावीत, कापडावर पूर्ण कोरडी करावीत आणि देठ कापावेत. चिकाने बोटे चुरचुरतात, तेव्हा हाताला तेल लावलेले बरे. ताटात एकमेकांना न चिकटतील अशी मांडून रात्रभर गोठवावीत, मग पिशवीत भरून हवा काढावी. ही पायरी टाळली की सगळ्यांचा एकच गोळा होतो. उणे १८ अंशांवर ती आठ-दहा महिने चांगली राहतात. एका दाराच्या फ्रिजमधल्या बर्फाच्या कप्प्यात इतकी थंडी नसते. तिथली महिन्याभरात संपवावीत.

पाकातली अंजिरे रंग जास्त राखतात: १ लिटर पाण्यात सुमारे ५५० ग्रॅम साखर विरघळवून, गार करून अर्धी वाटी लिंबाचा रस घालावा. फळे बुडतील इतका पाक ओतावा. डबा काठोकाठ भरू नये, कारण गोठताना पाक फुगतो.

फळात सुमारे ८० टक्के पाणी असते. त्याचे बर्फाचे कण पेशी फोडतात, त्यामुळे बर्फ वितळल्यावर अंजीर लिबलिबीत होते. कापून ताटात मांडण्याजोगे ते उरत नाही. जॅम, बर्फी, मिल्कशेकसाठी मात्र उत्तम. दूध घालताना एक काळजी घ्यावी. चिकातले फायसिन हे विकर (एन्झाइम) गोठवूनही मरत नाही आणि ठेवलेले दूध कडवट करते, फाडतेही. शेक लगेच प्यावा, किंवा गर आधी उकळून गार करावा.

वीज बराच वेळ गेली असेल तर पिशवी पाहावी. सुटी अंजिरे चिकटून तळाशी लालसर बर्फ जमला असेल, तर ती मध्ये एकदा वितळली होती. वास चांगला असेल तर ती लगेच शिजवावीत.