व्हीएचएसचा पोत आणि मिनीडीव्हीचा पोत

नव्वदच्या दशकातल्या अमेरिकन इरॉटिक थ्रिलरचं विडंबन करायला घेतलं की बरेच जण आधी व्हीएचएसचा, म्हणजे जुन्या घरगुती व्हिडिओ कॅसेटचा, फिल्टर चढवतात. रंग पसरलेले, खाली थरथरती पट्टी, मध्येच मुंग्या. पण स्वस्तातल्या जुन्या विडंबनाचा म्हणून जो पोत आपल्या डोळ्यांत बसलाय, तो पुष्कळदा मिनीडीव्हीचा, म्हणजे छोट्या डिजिटल व्हिडिओ टेपचा, असतो.

मूळ सिनेमे फिल्मवर शूट व्हायचे. 'बेसिक इन्स्टिंक्ट' (1992) घरी कॅसेटवर पाहिला असेल, तरी व्हीएचएस तिथे फक्त पोचवणारी. जपानच्या जेव्हीसीने 1976 मध्ये आणलेली ही अ‍ॅनालॉग कॅसेट रंगांची माहिती फार आखडून साठवते, म्हणून लिपस्टिकचा लाल ओठांबाहेर सांडतो. कॉपीची कॉपी काढली की चित्र आणखी उतरतं. तरीही खालची मेहनत दिसत राहते: ब्लाइंड्समधून येणारे उजेडाचे पट्टे, धूर, गडद काळोख, धूसर झालेली मागची खोली.

मिनीडीव्ही 1995 मध्ये आली आणि तिच्यासोबत सोनीचा व्हीएक्स1000 कॅमेरा. इथे चित्र जन्मतःच डिजिटल: अमेरिकेत 720×480 पिक्सेल, सेकंदाला 25 मेगाबिट. फायरवायर या डिजिटल केबलने कॉपी केली तर दर्जा तसूभरही घटत नाही. टेप खराब झाली तर मुंग्या येत नाहीत, चौकोनी ठोकळे उमटतात.

खरी गंमत प्रकाशात आहे. या कॅमेऱ्यांच्या छोट्या सेन्सरमुळे जवळचं-लांबचं सगळंच स्पष्ट दिसतं. नायिका वळून पाहते तेव्हा तिच्यामागचा टेबलफॅन आणि भिंतीवरचा प्लगही तितकाच ठळक. ब्लाइंड्सचे पट्टे जळून पांढरेफटक होतात. वर सेकंदाला 60 फील्ड्स (म्हणजे अर्ध्या-अर्ध्या फ्रेम्स), त्यामुळे हालचाल आपल्याकडच्या लग्नाच्या शूटिंगसारखी गुळगुळीत. मादक स्वप्न क्षणात कुणाच्या तरी भाड्याच्या खोलीत उतरतं, आणि हसू तिथे फुटतं. मला हा पोत मनापासून आवडतो. त्याला नुसती गरिबी म्हणणं अन्यायाचं आहे. दिग्दर्शक डॅनी बॉइल यांनी 'ट्वेंटी एट डेज लेटर' (2002) हा सिनेमा बहुतांशी कॅननच्या एक्सएल1 या मिनीडीव्ही कॅमेऱ्यावर शूट केला, तो याच उघड्यावाघड्या चित्रासाठीही.

आता गोंधळ कुठे होतो? मिनीडीव्हीवर शूट केलेला सिनेमा व्हीएचएसवर उतरवला, तर दोन्हींच्या खुणा एकावर एक बसतात. रंग पाहून काहीच कळत नाही, कारण ते कॅसेटने बिघडवलेले असतात. तेव्हा हालचाल पाहा. कुणी खोलीतून झपकन चालत गेलं आणि पावलं किंचित तुटक वाटली, तर मूळ फिल्म. सरकती, ओल्यासारखी वाटली तर व्हिडिओ कॅमेरा. कॅसेटवर कितीही कॉप्या काढल्या तरी हा फरक पुसला जात नाही.