लेमूर बघायला येण्याआधी एवढं वाचा

नमस्कार मंडळी! आईबाबा भारतातून आलेत म्हणून, मुलांना सुट्टी आहे म्हणून तुम्ही आमच्या गाडीतून अमेरिकेत नॉर्थ कॅरोलायनातल्या डरहॅमच्या ड्यूक लेमूर सेंटरला येताय, तर एकच विनंती, नुसतं "कित्ती गोड" म्हणून फोटो काढून पुढे जाऊ नका, कोण कोणाला खेटून बसलंय ते बघा.

लेमूर म्हणजे माकडांचे लांबचे नातेवाईक, मूळचे फक्त मादागास्कर बेटावरचे, हे सेंटर १९६६ पासून त्यांना सांभाळतंय. शेपटीवर काळेपांढरे पट्टे असलेले ते रिंगटेल, त्यांच्यात राज्य बायकांचं! मादी आली की नर खाण्यावरून बाजूला होतो, नाही झाला तर फटका खातो. मुली आईच्याच गटात राहतात, मुलगे मोठे झाले की दुसरा गट शोधतात. जंगलात हे जमतं हो, पण कुंपणाच्या आत तो जाणार कुठे? म्हणून कीपर लोकांना सारखं लक्ष ठेवावं लागतं, कोणाची भांडणं वाढली, कोणाच्या मागे सगळे लागलेत (कधीकधी माद्या मिळून एखाद्या मादीलाच हाकलतात), आणि वेळेत वेगळं करून नवी सोबत बघून द्यावी लागते. त्यामुळे एखादी जोडी वेगळी दिसली तर त्यांना वाळीत टाकलंय असं समजू नका, मुंगूस लेमूर तर राहतातच नर, मादी आणि त्यांची पोरं एवढेच. आय-आय नावाचा लेमूर तर रात्रीचा, एकट्यानं फिरणारा.

आय-आय सोडला तर लेमूरांचे खालचे पुढचे दात फणीसारखे असतात, त्या दातांनी ते एकमेकांची लव विंचरतात, आमच्या मते हेच सगळ्यात बघण्यासारखं. रिंगटेलचे नर भांडताना मनगटाचा वास शेपटीला चोळून ती समोरच्याच्या दिशेनं हलवतात, जास्त करून जोड्या जमायच्या दिवसात, अमेरिकेत ते हिवाळ्याच्या सुरवातीला येतात. मग वसंतात पिल्लं, आधी आईच्या पोटाला, नंतर पाठीवर, आणि गटातल्या मावश्यापण कडेवर घेतात!

हात लावता येईल का असं बरेच जण विचारतात. नाही. घरात एकटा पाळलेला लेमूर व्हिडिओत बघून लोक खूश होतात, आम्हाला वाईट वाटतं, कारण दिवसभर अंग विंचरायला, चिकटून झोपायला त्याला त्याच्यातलंच कोणीतरी लागतं, ते आपण कुठून देणार.

आत गाईडसोबतच फिरायचं असतं आणि बुकिंग आधी लागतं, ते आम्ही करतो, तुम्ही फक्त किती जण येणार ते वेळेत कळवा.