न्यायालयांना टाळे लागले नव्हते

हिटलर सत्तेवर आला तेव्हा जर्मनीच्या राज्यघटनेत एक साधे वाक्य होते: न्यायाधीश स्वतंत्र आहेत, ते फक्त कायद्याला बांधील आहेत. हे कलम 102 कोणी रीतसर रद्द केलेच नाही. न्यायालये रोज भरत होती.

सुरुवात माणसे काढण्यापासून झाली. 7 एप्रिल 1933 च्या कायद्याने ज्यू आणि राजकीयदृष्ट्या नकोशा न्यायाधीशांना घरी बसवायची सोय झाली. सहकारी बहुतांशी गप्प राहिले. ऑक्टोबरात लाइपझिगला सर्वोच्च न्यायालयासमोर जमलेल्या हजारो कायदेतज्ज्ञांनी हात उंचावून हिटलरच्या वाटेने जाण्याची शपथ घेतली.

त्याच न्यायालयाने राइशस्टागच्या, म्हणजे जर्मन संसदेच्या, जाळपोळ खटल्यात डच तरुण व्हान डर लुबला मृत्युदंड दिला. आग लागली त्या दिवशी त्या गुन्ह्याला मृत्युदंड नव्हताच. तरतूद मागाहून केली होती. पण बल्गेरियाच्या दिमित्रोव्हसह चार आरोपी कम्युनिस्ट पुराव्याअभावी सुटले आणि एवढी सुटकाही हिटलरला खपली नाही. एप्रिल 1934 मध्ये देशद्रोहाचे खटले काढून नव्या ‘लोकन्यायालया’कडे दिले गेले. तिथे पाचांपैकी दोघेच व्यावसायिक न्यायाधीश, आणि निकालावर अपील नाही.

‘नाही’ म्हणणाऱ्याचे काय झाले? ब्रांडेनबुर्गचे न्यायाधीश लोथार क्राइसिग मनोरुग्णांच्या पालकत्वाची प्रकरणे पाहत. 1940 मध्ये त्यांच्या फायलींत एकामागून एक मृत्यूच्या सूचना येऊ लागल्या. रुग्णांना मारले जात असल्याचा संशय येताच त्यांनी न्यायमंत्री ग्युर्टनर यांना पत्र लिहिले, हत्येची फिर्याद दिली आणि माझ्या परवानगीशिवाय रुग्ण हलवू नका, असे संस्थांना बजावले. ग्युर्टनर यांनी रुग्णांना मारण्याची मुभा देणारा, हिटलरच्या सहीचा कागद पुढे ठेवला. क्राइसिग यांनी त्याला कायदा मानायला नकार दिला. मग तुम्हाला न्यायाधीश राहता येणार नाही, असे मंत्र्यांनी सांगितले. आधी सक्तीची रजा, मग 1942 मध्ये निवृत्ती, तीही पेन्शनसह. त्यांना अटक झाली नाही. म्हणूनच बाकीच्यांचे मौन मला अधिक बोचते.

एप्रिल 1942 मध्ये राइशस्टागने कोणत्याही न्यायाधीशाला काढण्याचा अधिकार हिटलरला दिला. शिक्षा कशा द्याव्यात, हे सांगणारी मंत्रालयाची पत्रे ऑक्टोबरपासून न्यायाधीशांच्या टेबलावर येऊ लागली. लोकन्यायालयाने पाच हजारांहून अधिक जणांना मृत्युदंड दिला.

युद्धानंतर पश्चिम जर्मनीच्या न्यायालयांत या लोकन्यायालयाच्या एकाही न्यायाधीशाची शिक्षा कायम झाली नाही.