कॅन्टोपॉप म्हणजे उसन्या जपानी चाली नव्हेत

कॅन्टोपॉप, अर्थात हाँगकाँगचे कॅन्टोनीज भाषेतील लोकप्रिय संगीत, म्हणजे जपानी चालींवर बसवलेले शब्द, हा समज अनेक वर्षे टिकून आहे. त्याला थोडा आधारही आहे, कारण १९८९ मध्ये अनिता मुई आणि प्रिसिला चॅन या दोघी गायिकांनी जपानी गायक मासाहिको कोंडो यांच्या एकाच गाण्याच्या चालीवर दोन वेगळी कॅन्टोनीज गाणी गाजवली. परंतु या संगीताचा पाया त्याआधीच घातला गेला होता आणि तो घालणाऱ्यांत संगीतकार जोसेफ कू अग्रणी होते. बॉस्टनच्या बर्कली संगीत महाविद्यालयात शिकलेल्या कू यांनी १९७४ पासून टीव्हीबी या दूरचित्रवाणी वाहिनीच्या मालिकांसाठी स्वतंत्र शीर्षकगीते रचली आणि इंग्रजी व मँडरिन गाण्यांनाच प्रतिष्ठा असलेल्या शहरात कॅन्टोनीज गाणे घरोघरी पोहोचवले. कॅन्टोनीजमध्ये उच्चारातील आवाजाचा चढउतार बदलला की शब्दाचा अर्थ बदलतो, म्हणून शब्दांचा चढउतार चालीशी जुळावा लागतो, आणि बहुधा चाल आधी तयार होते. त्यामुळे कोणते शब्द बसतील याची चौकट संगीतकारच आखतो, ही गोष्ट मला फार महत्त्वाची वाटते. जेम्स वाँग यांनी शब्दबद्ध केलेले आणि रोमन टॅम यांनी गायलेले कू यांचे १९७९ चे ‘लायन रॉकच्या छायेत’ आजही हाँगकाँगचे अनधिकृत नगरगीत मानले जाते.