टेलर ब्रँच आणि ‘किंग यांच्या काळातली अमेरिका’

मे १९६३ मध्ये अलाबामातल्या बर्मिंगहॅम शहरात शाळकरी कृष्णवर्णीय मुलं मोर्च्याने निघाली आणि पोलिसांनी त्यांच्यावर कुत्रे सोडले, बंबांचे फवारे मारले. त्या छायाचित्रांनी अटलांटातल्या एका सोळा वर्षांच्या गोऱ्या मुलाला मुळापासून हलवलं. टेलर ब्रँच हा तो मुलगा. पुढे १९६९ च्या उन्हाळ्यात ते नैऋत्य जॉर्जियात कृष्णवर्णीयांची मतदार नोंदणी करत हिंडले. तेव्हा लिहिलेल्या रोजनिशीतूनच ते पत्रकारितेत आले.

१९८० च्या दशकाच्या सुरुवातीला त्यांनी मार्टिन ल्यूथर किंग यांच्या काळावर लिहायला घेतलं. एका पुस्तकात उरकेल असं वाटलेलं काम तीन जाडजूड खंडांवर गेलं आणि त्याला चोवीस वर्षं लागली : ‘पार्टिंग द वॉटर्स’ (१९८८), ‘पिलर ऑफ फायर’ (१९९८) आणि ‘ॲट केनन्स एज’ (२००६). पहिल्या खंडाला १९८९ चं इतिहासासाठीचं पुलित्झर मिळालं.

हा पहिला खंड किंग यांच्यापासून सुरू होतच नाही, आणि मला त्याची खरी ताकद इथेच दिसते. आधी भेटतात व्हर्नन जॉन्स, माँटगोमेरीच्या डेक्स्टर ॲव्हेन्यू चर्चमधले किंग यांच्या आधीचे धर्मोपदेशक. गोऱ्यांच्या अत्याचारांवर व्यासपीठावरून तोंडावर बोलणारा हा विद्वान माणूस चक्क भाजीपाला विकायचा. चर्चमधल्या प्रतिष्ठित मंडळींना त्याची लाज वाटे. शेवटी जॉन्स गेले आणि १९५४ मध्ये पंचविशीतले किंग त्या जागी आले. डिसेंबर १९५५ मध्ये वर्णभेद पाळणाऱ्या शहरातल्या बसवरचा बहिष्कार उभा राहिला, तो ३८१ दिवस चालला. नेता घडण्याआधी जमीन कोणी नांगरली, हे ब्रँच असं दाखवतात.

डायान नॅश यांचंही तसंच. १९६१ मध्ये फ्रीडम रायडर्सच्या, म्हणजे बसमधला वर्णभेद मोडायला गोरे-काळे एकत्र प्रवास करणाऱ्या कार्यकर्त्यांच्या, बसवर जीवघेणे हल्ले झाल्यावर वॉशिंग्टनहून दबाव आला, आता थांबा. विशीतल्या या विद्यार्थिनीने नॅशव्हिलहून नवी तुकडी धाडली. निघणाऱ्यांनी आदल्या रात्री मृत्युपत्रं केली होती. बातमीदाराच्या चिकाटीने माणसं गाठून बोलतं केल्याशिवाय असले तपशील हाती लागत नाहीत. जोडीला एफबीआय या केंद्रीय तपास यंत्रणेच्या चोरून ऐकलेल्या फोनच्या नोंदी होत्या. किंग यांच्या फोनवर पाळत ठेवायला ऑक्टोबर १९६३ मध्ये खुद्द तेव्हाचे न्यायखात्याचे प्रमुख रॉबर्ट केनेडी यांनी मंजुरी दिली होती. चळवळीला बदनाम करण्यासाठी जमवलेली ही सामग्री पुढे तिचाच इतिहास लिहायला कामी आली.

‘द क्लिंटन टेप्स’ (२००९) हे पुस्तक मात्र वेगळ्या वाटेचं. १९७२ च्या राष्ट्राध्यक्षीय निवडणुकीच्या प्रचारात टेक्सासमध्ये ब्रँच आणि बिल क्लिंटन एकाच घरात राहत होते. क्लिंटन राष्ट्राध्यक्ष झाल्यावर दोघांच्या ७९ गुप्त बैठका झाल्या. ध्वनिफिती क्लिंटन यांच्याकडेच राहत, मोज्यांच्या खणात. ब्रँच बाल्टिमोरला परतताना गाडीतच आठवेल ते स्वतःच्या टेपरेकॉर्डरवर बोलून ठेवत, आणि पुस्तक त्यावर उभं आहे. ते वाचनीय आहे, पण तिथे एकच आवाज ऐकू येतो, सत्तेतल्या माणसाचा. त्रिखंडीतली गर्दी तिथे नाही.