अंथरुणातले तीन आठवडे

१९६६ साली अमेरिकेत डॅलसच्या वैद्यकीय महाविद्यालयात विशीतले पाच धडधाकट तरुण तीन आठवडे अंथरुणात पडून राहिले. आजारी नव्हते, प्रयोगासाठी पडले होते. उठल्यावर त्यांना धापा टाकेपर्यंत पळवलं आणि शरीर मिनिटाला जास्तीत जास्त किती ऑक्सिजन वापरतं ते मोजलं. आधी सरासरी ३.३ लिटर होतं, आता २.४ भरलं. चौथ्या हिश्श्याहून जास्त दम गेला होता. मग आठ आठवडे कसून व्यायाम करून घेतला, तेव्हा आकडा ३.९ वर पोचला.

हीच ती व्हीओटू मॅक्स. मनगटावरची घड्याळं हल्ली ती दाखवतात, पण अंदाजाने. डॅलसमध्ये उच्छ्वासाची हवा गोळा करून मोजली होती.

धाप लागली की आपण फुप्फुसांना दोष देतो. निरोगी माणसात तो बहुधा चुकीचा असतो, कारण जोरात पळतानाही फुप्फुसांतून निघणारं रक्त ऑक्सिजनने जवळजवळ भरलेलं असतं. अडतं ते हृदयापाशी. स्वस्थ बसलेल्या माणसाचं हृदय एका ठोक्याला सुमारे ७० मिलिलिटर रक्त फेकतं. ७० ठोके धरले तर मिनिटाला पाच लिटरच्या आसपास. त्या तरुणांचे कमाल ठोके फारसे बदलले नव्हते, दर ठोक्याचं रक्त कमी झालं होतं.

व्यायामाने नेमकं हेच वाढतं. पहिल्या एक-दोन आठवड्यांतच रक्तातला द्रव वाढतो, त्यामुळे हृदय जास्त भरतं. पुढच्या काही महिन्यांत डावा कप्पा ऐसपैस होतो. कमाल ठोके मात्र सरावाने वाढत नाहीत. ते वयावर आणि जन्मजात ठेवणीवर ठरतात. '२२० वजा वय' हे सूत्र सरासरीपुरतं ठीक आहे, एखाद्या माणसाच्या बाबतीत ते दहा-बारा ठोक्यांनी सहज चुकतं. त्यावर फार विसंबू नये.

आलेला ऑक्सिजन वापरणं हे स्नायूंचं काम. त्यांच्यात केशवाहिन्या वाढतात आणि ऑक्सिजन वापरून ऊर्जा तयार करणारी मायटोकॉन्ड्रियाही वाढतात. यातली मायटोकॉन्ड्रियाची वाढ अमेरिकी संशोधक जॉन होलोझी यांनी १९६७ मध्ये उंदरांना फिरत्या पट्ट्यावर पळवून दाखवली.

डॅलसच्या गोष्टीचा उत्तरार्ध मला जास्त आवडतो. तेच पाच जण पन्नाशीत पुन्हा तपासले गेले. वजन सरासरी पाव पटीने वाढलेलं, अंगातली चरबी दुप्पट. तरी तीस वर्षांत क्षमता जेवढी घटली होती, त्याहून जास्त ती तरुणपणच्या त्या तीन आठवड्यांत घटली होती! सहा महिने चालणं, हळू धावणं, सायकल असा बेताबेताने वाढवत नेलेला व्यायाम केल्यावर ते विशीतल्या मूळ आकड्यावर परतले. या खेपेला हृदयाने फेकलेलं कमाल रक्त वाढलं नव्हतं. सगळी कमाई स्नायूंची होती. माणसं पाचच आणि सगळे पुरुष, हे ध्यानात ठेवायला हवं. पण उशिरा सुरुवात करणाऱ्याला धीर यायला एवढं पुरे.

सुरुवातीचा बहुतेक व्यायाम हळूच असावा. चालता-धावता सलग वाक्यं बोलता यावीत, गाणं मात्र म्हणता येऊ नये, एवढा वेग. जागतिक आरोग्य संघटना आठवड्याला किमान १५० मिनिटं सांगते. आपल्याकडे उलटंच होतं: रविवारी एकदम सिंहगड, सोमवारी पिंढऱ्या धरलेल्या आणि पुढचा रविवार घरी.

पाया जमल्यावर आठवड्यातून एक-दोनदा जोर लावावा. नॉर्वेत ट्रॉन्डहाइमच्या संशोधकांनी तपासलेली पद्धत सोपी आहे: चार मिनिटं इतक्या जोरात की दोन-चार शब्दांपलीकडे बोलवत नाही, मग तीन मिनिटं हळू, असं चारदा. रक्तदाब, मधुमेह, हृदयविकार असलेल्यांनी किंवा श्रम करताना छातीत दुखत असेल त्यांनी आधी डॉक्टरांना विचारल्याशिवाय या वाटेला जाऊ नये.

गणपतीत किंवा दिवाळीत पंधरवडा खंड पडला की पहिली धाव जड जाते, कारण वाढलेला रक्तद्रव सर्वांत आधी ओसरतो. तोही लवकर भरून येतो. आणि सुट्टीतही आठवड्यातून दोनदा नेहमीच्या जोराने पळालात, तर कमावलेल्यातलं बरंचसं टिकून राहतं.