झाडावर राहणारं ऑर्किड कुंडीत कसं सांभाळायचं

नमस्कार. आमच्या नर्सरीतनं तुम्ही पांढरं फालेनॉप्सिस ऑर्किड नेलंय किंवा न्यायचा विचार करताय, तर हा कागद एकदा नीट वाचा आणि घरात झाडांना पाणी कोण घालतं त्यांनाही वाचायला द्या, कारण हे झाड बहुतेक वेळा जास्त पाण्यानंच जातं.

सगळ्यात आधी एक गोष्ट. हे मातीतलं झाड नाही. याची मूळ जात फालेनॉप्सिस अमाबिलिस, इंडोनेशिया, फिलिपिन्सपासून खाली ऑस्ट्रेलियाच्या क्वीन्सलंडपर्यंतच्या दमट जंगलातली, तिथं ती मोठ्या झाडांच्या खोडाफांद्यांवर वाढते. इंडोनेशियानं १९९३ साली हिला आपल्या राष्ट्रीय फुलांमध्ये मान दिलाय. बाजारात कुंडीत मिळतात ती बहुतेक हिची आणि हिच्या भावकीतल्या जातींची संकरित झाडं, पण स्वभाव तोच.

बरेच जण विचारतात, मग हे बांडगूळच की? नाही हो, अजिबात नाही. बांडगूळ आंब्याच्या फांदीत मुळं घुसवून त्याचा रस पितं, ऑर्किड नुसतं सालीला धरून बसतं, झाडाचं काही घेत नाही, पावसाचं पाणी सालीवरनं ओघळतं त्यातनं आणि अडकलेल्या पालापाचोळ्यातनं जे मिळेल त्यावर भागवतं. आपल्याकडंही राधानगरी-दाजीपूरच्या जंगलात, आंबा घाटात सीतेची वेणी अशीच झाडावर लोंबताना दिसते, ती पण ऑर्किडच.

आता मुळं बघा, सगळी गंमत तिथंच आहे. मुळावर जाड पांढरट आवरण असतं, ते मेलेल्या पोकळ पेशींचं असतं आणि पाणी पडलं की स्पंजासारखं लगेच शोषून घेतं. कोरडं असलं की मूळ चंदेरी दिसतं, भिजलं की हिरवं. म्हणून आम्ही पारदर्शक कुंडी देतो, बाहेरनं बघायचं, मुळं हिरवी असली तर थांबायचं, चंदेरी झाली की पाणी घालायचं, एवढं साधं आहे. अमुक वारी पाणी असं ठरवू नका, कारण एप्रिलात कुंडी दोन-तीन दिवसांत वाळते आणि जुलै-ऑगस्टच्या झडीत आठ-आठ दिवस वाळत नाही. पाणी सकाळीच घाला, पूर्ण निथळू द्या, खालच्या बशीत साचू देऊ नका. आणि पानांच्या मधल्या गाभ्यात पाणी राहिलं तर कापसानं टिपून घ्या, तिथं कुजलं की झाड वाचवणं फार अवघड, कारण हे एकाच शेंड्यानं वर वाढतं. बोअरच्या क्षारानं मुळांची टोकं करपतात, ते टाळा, पावसाचं पाणी सगळ्यात चांगलं आणि कोल्हापूरकरांना ते बादलीभर धरून ठेवायला काय अवघड नाही.

माती नको म्हणजे नको, शेणखत मिसळलेली लाल माती तर नकोच. साल, लाकडी कोळसा, नारळाच्या सोडणाचे तुकडे, यातच लावा, मुळांना हवा खेळली पाहिजे. दोनेक वर्षांत हे सगळं कुजून बारीक होतं, तेव्हा फुलं संपल्यावर बदलायचं. खत १९:१९:१९ (नत्र, स्फुरद, पालाश सारख्या प्रमाणात असलेलं, पाण्यात विरघळणारं) चालेल पण लिटरला पाव ते अर्धा ग्रॅमच, पंधरा दिवसांतनं एकदा, उसाच्या हिशोबानं टाकू नका.

उजेड भरपूर पण थेट ऊन नाही. पूर्वेची खिडकी उत्तम, पश्चिमेच्या गॅलरीत ठेवायचं तर शेडनेट लागणारच, नाहीतर मार्च-एप्रिलात पान एका दुपारीत भाजतं आणि तो डाग पुन्हा जात नाही.

फुलं परत कधी येणार, हा सगळ्यांचा प्रश्न. या झाडाला फुलाची दांडी काढायला काही आठवडे गारवा लागतो, दिवसा पंचवीसच्या आसपास किंवा कमी आणि रात्री त्याहून गार, आणि आपली थंडी त्यासाठी चांगलीच आहे. तेव्हा डिसेंबर-जानेवारीत झाड बंद खोलीत कोंडू नका, फक्त पारा बारा-तेराच्या खाली चालला तर रात्री आत घ्या. फुलं एकदा आली की दोन-तीन महिने टिकतात. कळ्या पिवळ्या पडून गळायला लागल्या तर आजूबाजूला पिकायला ठेवलेले आंबे किंवा केळी आहेत का बघा, पिकत्या फळातनं इथिलीन नावाचा वायू सुटतो आणि त्यानं कळ्या झडतात. आंब्याची पेटी आणि ऑर्किड एका खोलीत ठेवायचं नाही.

किंमत जास्त वाटते हे आम्हाला माहीत आहे. ऑर्किडचं बी धुळीइतकं बारीक, त्यात कोंबासाठी अन्नसाठाच नसतो, जंगलात बुरशीची साथ मिळाली तरच ते रुजतं. १९२२ साली लुईस नडसन या अमेरिकन शास्त्रज्ञानं साखर घातलेल्या माध्यमावर बुरशीशिवाय बी रुजवून दाखवलं, तेव्हापासून बाटलीत रोपं करता येतात, पण बाटलीपासून फुलापर्यंत दोन-तीन वर्षं जातातच.

आणि काही गिऱ्हाईक सीतेची वेणी जंगलातनं आणून द्या म्हणतात. आम्ही आणत नाही आणि विकतही नाही, अभयारण्यातनं झाड काढणं हा गुन्हा आहे, शिवाय फांदीवरनं ओरबाडलेलं झाड घरी बहुधा जगत नाही. लॅबमधली रोपं आली की सांगू.

मुळं काळी, मऊ पडली वाटली तर कुंडीसकट घेऊन या, आम्ही बघून देतो, कुजलेलं कापायचं कसं तेही तुमच्यासमोरच दाखवतो.